पाइप नसलेल्या पाण्यात

१४ जुलै

भिंगरी,

हे पत्र खरं तर कार्यालयीन व्हायचं होतं. लेखनिक बाईंना मी मायनाही सांगितला होता, "महोदया, उपरोक्त विषयास अनुसरून..." त्यांनी चष्म्यावरून बघत विचारलं, "विषय काय घालू?" तिथे माझी गाडी अडली. शेवटी म्हटलं राहू दे, आणि आता घरी येऊन हाताने लिहिते आहे. अक्षर ओळखशील. ते सुधारलेलं नाही.

विषय असा. गेल्या रविवारी आमच्या जलतरण संघटनेच्या विभागीय स्पर्धा झाल्या. अध्यक्ष झाल्यापासून मला पोहणं बघायला मिळतच नाही. पालकांची भांडणं, तलावाच्या उखडलेल्या फरशा, वेळेवर न येणारी क्लोरीनची पिंपं, यातच दिवस जातो. त्या दिवशी मात्र पाहुण्यांच्या खुर्च्या वळणाच्या टोकाला, अगदी पाण्याच्या काठाशी मांडल्या होत्या. आमचे खजिनदार माझ्या शेजारी डुलक्या घेत होते. मुलींची दोनशे मीटर सुरू झाली, चौथ्या रांगेतल्या एका उंच, हडकुळ्या मुलीने पहिलं वळण घेतलं, आणि मी ताडकन उभी राहिले. खजिनदार दचकून जागे झाले आणि राष्ट्रगीत लागलं समजून तेही उभे राहिले.

डावा खांदा आधी खाली. भिंतीच्या हातभर अलीकडेच कोलांटी. मग पाय तिरके, कशाच्या तरी बगलेतून घातल्यासारखे. असं वळण कुणी शिकवत नाही, शिकवूही नये. ते फक्त कागद कारखान्याच्या हौदात लागतं, कारण तिथे भिंतीतून पाण्याखाली तो लोखंडी पाइप बाहेर आलेला आहे. अण्णा पंप चालवता चालवता काठावरून ओरडायचे, "पाइप! पाइप!" आणि आपण दोघी कलंडायचो. मला ते मोडायला पुढे अख्खं वर्ष लागलं. आमच्या तलावात पाइप नाही, कधी नव्हता. तरी ती पोरगी दर वळणाला पाइप चुकवत होती.

आणि पहिली आली. बक्षिसाच्या वेळी निवेदकाने तिला विचारलं, "शिकवतं कोण?" ती म्हणाली, "आमच्या बाई." त्याने विचारलं, "बाईंचं नाव?" ती म्हणाली, "बाईच." लोक हसले. मी नाही हसले.

कारखाना बंद पडला तेव्हाच तो हौद कोरडा झाला असेल असं मी धरून चालले होते. तू अजून वसाहतीत राहतेस, एवढं मला मामीकडून अधूनमधून कळतं. पोहायला शिकवतेस हे तिने कधी सांगितलं नाही. तिला माहीत नसेल, किंवा मला सांगायची सोय नसेल.

तूच ना? एवढंच कळव. हा अध्यक्षांचा प्रश्न आहे. बहिणीचे प्रश्न वेगळे आहेत, ते इतकी वर्षं थांबलेत, अजूनही थांबतील.

ताई

ता. क. त्या शर्यतीत मी आणखी एक गोष्ट पाहिली. ती तुझं उत्तर आल्यावर.

२६ जुलै

भिंगरी,

तुझं कार्ड मिळालं. "होय. मुलगी माझ्याकडे शिकते. पाइप अजून आहे." बस्स. तार करायची सोय असती तर तेवढेही शब्द तू खर्च केले नसतेस. लहानपणी तुझी टकळी बंद करायला अण्णा तुला पाण्यात ढकलायचे, हे मी खजिनदारांना सांगितलं तर त्यांना खरं वाटेना.

पण माझी भूक भागली नाही. हौदात आता पाणी येतं कुठून? पंप कोण चालवतं? किती मुलं येतात? तो पाइप कापून का टाकत नाहीस? (मग वाटलं, वसाहतीचं पिण्याचं पाणी त्यातूनच जात असेल, कापणार कशी.) मुलांना सांगतेस का की जगातल्या बाकीच्या तलावांत पाइप नसतो? सांगतच असशील. सांगून शरीर ऐकत नाही, हे तुझ्यामाझ्याइतकं कुणाला ठाऊक?

आता ती दुसरी गोष्ट. शेवटच्या वळणाला तुझ्या मुलीचे पाय भिंतीला लागले नाहीत.

दमली होती. कोलांटी नेहमीपेक्षाही आधी घेतली आणि पाय पाण्यातच मारले. भिंतीला पाय लागले की पोरगी कशी सुटते, पहिल्या वळणाला मी पाहिलं होतं. या वेळी ती सुटलीच नाही, बसकण मारल्यासारखी तिथल्या तिथे राहिली, आणि मग हातांनी ओढत निघाली. एवढं होऊनही पहिली आली, म्हणजे बघ काय चीज आहे! वळणावरच्या पंचांच्या चष्म्यावर नेमकं तेव्हाच पाणी उडालं होतं आणि ते सदऱ्याच्या टोकाने काच पुसत होते. बाकी कुणाला काही दिसलं नाही. मला दिसलं, कारण मी ते वळण आतून ओळखते.

न शिवता वळलं की बाद, हे तुला सांगायला नको. निकालावर अजून समितीचा शिक्का बसलेला नाही. शनिवारी बैठक आहे. शिक्का बसला की मुलगी राष्ट्रीय शिबिराला जाणार, आणि मी तोंड उघडलं तर नाही. मी तिथे पंच नव्हते, पाहुणी होते. गप्प बसले तर कुणी मला बोल लावणार नाही.

काय करू? हे मी तुला विचारते आहे, याचं मला स्वतःलाच नवल वाटतं आहे.

कार्यालयात माझ्या खुर्चीमागे माझा फोटो आहे, पहिल्या पदकाचा. येणारा-जाणारा आधी फोटोकडे बघतो, मग माझ्याकडे, आणि मग काहीतरी गोड बोलतो. पण तलावावरची जुनी माणसं असतात ना, टॉवेलवाला, जुने पंच, ती फोटोकडे बघून एकमेकांकडेही बघतात. त्यांच्या मनात काय चाललंय ते मला कळतं. निवड चाचणीत धाकटी पुढे होती. धाकटी मधेच थांबली. धाकटीने सोडली म्हणून थोरली जिंकली.

मी हे कधी लिहिणार नव्हते. पान फाडावंसं वाटतंय, पण मागच्या बाजूलाही लिहून झालं आहे.

शनिवारच्या आत उत्तर दे.

ताई

४ ऑगस्ट

भिंगरी,

या वेळी दोन ओळी. प्रगती आहे. "मला विचारू नकोस. पाहिलं आहेस ना?" तुझा रागही तसाच आहे, कोरडा. मी कार्ड उलटंपालटं करून पाहिलं, मागे आणखी काही असेल म्हणून. मागे तिकीट होतं.

बैठकीत मी सांगितलं.

सांगितल्यावर जे व्हायचं तेच झालं. मुख्य पंच लालबुंद झाले. "म्हणजे आमच्या माणसांना काठावरून दिसलं नाही, ते तुम्हाला खुर्चीत बसून दिसलं?" मी म्हटलं, "हो." ते म्हणाले, "बाई, तुम्हाला त्या पोरीबद्दल काही आकस आहे का?" मी म्हटलं, "आकस नाही, उलट लोभच आहे, ती माझ्या बहिणीची विद्यार्थिनी आहे."  यावर चिटणीस पंख्याकडे बघायला लागले. बहिणीच्या विद्यार्थिनीला कुणी असं खाली खेचतं, हे त्यांच्या डोक्यात शिरेना. मग एकजण हळूच म्हणाला, "जुनं काही असेल." मी ऐकलं, पण ऐकू न आल्यासारखं केलं.

एकट्या माणसाच्या सांगण्यावरून निकाल फिरवता येत नाही, असं ठरलं, आणि ते बरोबरच आहे. मुलीलाच बोलावून विचारायचं. सतरा तारखेला तिने पालकांसह यावं, प्रशिक्षक आल्यास उत्तम, असं पत्र वेगळं येईल. त्यावर सही माझी असेल. वाईट वाटून घेऊ नकोस.

आता बहिणीचा प्रश्न. इतकी वर्षं तो विचारायचा नाही असा माझा हट्ट होता, तो मी मोडते आहे. तुझ्या मुलीने पाण्यात पाय मारले त्या क्षणापासून माझं लक्ष कशातच लागत नाही. फायली वाचते आणि शेवटी कळतं की वाचलंच नाही.

त्या निवड चाचणीत तू का थांबलीस?

मला जेवढं आठवतं ते असं. शेवटच्या वळणाआधी तू माझ्यापेक्षा अंगभर पुढे होतीस. वळणानंतर हातभरच. तिथे तुझा वेग का पडला, हेही मला आजवर उमगलेलं नाही. मग आपण जवळजवळ बरोबरीने निघालो, तू जराशी पुढेच. आणि अर्ध्यात आल्यावर तू दोरीला धरून थांबलीस, रांगा ओलांडून काठावर गेलीस, आणि टॉवेल पांघरून बसलीस. मी पहिली आले. वर येऊन बघते तर टाळ्या वाजवणारे सगळे तुझ्याकडे बघत होते.

त्याच दिवशी तू अण्णांबरोबर गावी गेलीस आणि मी शिबिराला. नंतर कधी तू माझ्याशी नीट बोलली नाहीस, आणि मीही नाही. अण्णांना एकदा विचारलं होतं. ते म्हणाले, "मला काय विचारतेस? तिला विचार." मी विचारलं नाही. का विचारू? तू मला शर्यत बहाल केलीस, असं तुझ्याच तोंडून ऐकायला? माझं सगळं त्या एका शर्यतीपासून सुरू झालं आहे, भिंगरी. शिबिर, पदकं, नोकरी, ही खुर्ची. पायाच दुसऱ्याचा असेल तर वरच्या मजल्यांना मी माझे कसे म्हणू?

खरं ते सांग. गोड करून सांगू नकोस. तू मला जिंकू दिलंस का?

ताई

१९ ऑगस्ट

भिंगरी,

परवा फोनवर जे बोलायचं होतं ते राहूनच गेलं, म्हणून हे लिहिते. बोलण्यात मी पहिल्यापासून कच्ची, हे तुला माहीत आहे. भाषणं करते, पण ती वेगळी.

आधी मुलीचं. तू आली नाहीस म्हणून मी जरा हिरमुसले होते. सोबत तिची आई आली होती, ती पूर्ण वेळ पिशवी मांडीवर घट्ट धरून बसली. समितीच्या खोलीत ते लांबलचक टेबल, एका बाजूला आम्ही सातजण, दुसऱ्या बाजूला त्या दोघी. मला स्वतःलाच ते दृश्य आवडलं नाही. म्हणून मी उठून त्यांच्या बाजूच्या खुर्चीवर जाऊन बसले. चिटणिसांनी पुन्हा पंख्याकडे पाहिलं.

मुख्य पंचांनी घसा खाकरून सुरुवात केली, "हे बघ बाळ, घाबरू नकोस. शेवटच्या वळणाला तुझे पाय..."

"नाही लागले," ती म्हणाली.

त्यांचं वाक्यही पुरं झालं नव्हतं. ते म्हणाले, "नीट आठवून सांग. शिबिराचा प्रश्न आहे."

"आठवायचं काय त्यात? पाय मारले आणि भिंतच नव्हती. मी त्याच दिवशी बाईंना सांगितलं होतं."

"मग बाई काय म्हणाल्या?"

"म्हणाल्या, विचारतील तेव्हा सांग. मी म्हटलं, आणि नाही विचारलं तर? तर म्हणाल्या, विचारतील. तिथे माझी ताई आहे."

भिंगरी, मी त्या क्षणी खाली वाकून चपलेचा पट्टा सारखा केला. तो सारखाच होता.

निकाल रद्द झाला. पोरीच्या डोळ्यांत पाणी आलं, तिने ते पुसलं नाही, तसंच वाहू दिलं. मुख्य पंच विरघळले. त्यांनीच सुचवलं की शिबिराची एक जागा पोहण्याच्या वेळेवरून द्यायची. पाच सप्टेंबरला सगळ्यांसाठी खुली चाचणी घ्यायची, ठरलेल्या वेळेच्या आत जी पोहेल ती जाईल. सगळ्यांनी हात वर केले. मी केला नाही, माझ्या बहिणीची विद्यार्थिनी म्हणून. तेवढं शहाणपण मला आहे.

त्या गेल्या आणि तासाभरात तुझा फोन. तू जे बोललीस ते मी इथे पुन्हा लिहून काढते आहे, कारण मला ते डोळ्यांनी बघायचं आहे.

तू म्हणालीस, "मुलीनं सांगितलं?"

"सांगितलं."

"मग तुझ्या प्रश्नाचं उत्तर तेच."

"तेच म्हणजे?"

"माझेही पाय लागले नव्हते, ताई. मी पाइप चुकवला आणि भिंतही चुकली."

 माझ्या मनात हिशेब लागत गेला. अंगभराचं हातभर कसं झालं, ते इतक्या वर्षांनी एका वाक्यात कळलं.

मग मी म्हणाले, "मागे जाऊन शिवायचं होतंस. नियमात बसतं."

"ठाऊक आहे. पण तशीच पुढे निघाले. पंचांनी पाहिलं नव्हतं. म्हटलं, चाललंय तर चालू दे. आणि अर्ध्यात तू पाहिलंस."

"मी काय पाहिलं?"

"माझ्याकडे. शेजारच्या रांगेतून. सरळ तोंडाकडे. मला वाटलं, हिला सगळं कळलं. आता वर गेल्यावर ही चारचौघांत सांगणार. त्यापेक्षा आपणच निघावं."

"अगं बये, मी श्वास घेत होते!"

मी इतक्या मोठ्याने ओरडले की खजिनदार शेजारच्या खोलीतून धावत आले. मी त्यांना हाताने घालवलं.

तू म्हणालीस, "तू श्वास नेहमी उजवीकडे घ्यायचीस. मी डावीकडे होते."

"दमल्यावर कुठूनही घेतं माणूस! मला पुढचं दिसत नव्हतं, तुला काय बघणार?"

पलीकडे काहीच आवाज येईना. मला वाटलं फोन कटला. मग तू हसायला लागलीस, ते तुझं जुनं हसणं, आधी घशात अडकणारं. आणि हसता हसता मधेच गंभीर होऊन म्हणालीस, "मग इतकी वर्षं तू बोलली नाहीस ती का? मला वाटत होतं, तुला माझी लाज वाटते. न शिवता पळाले म्हणून." मी म्हणाले, "मला तर वाटत होतं, तुला माझी दया आली म्हणून थांबलीस." आणि मग तुझा फोन खरंच कटला.

म्हणजे असं झालं तर! मी फक्त श्वास घेतला, आणि तेवढ्यावरून दोघींची अर्धी हयात निघून गेली. तुझ्या जागी मी असते तर थांबले असते का, याचा मी दोन दिवस विचार करते आहे. पंचांनी पाहिलं नसतं, बहीण नुसती श्वास घेत असती, तर? मला नाही सांगता येत. मी तोंड वळवलं नसतं तर तू तरी थांबली असतीस का? तुझी ती मुलगी मात्र विचारायच्या आधीच सांगून मोकळी झाली. आपल्या दोघींपेक्षा तिचं बरं आहे.

आता ऐक. चाचणीला अजून अवकाश आहे. मुलीला इथल्या पाण्यात सराव हवा, तिच्या पायांना इथली भिंत कुठे आहे ते कळायला हवं. ते वळण कसं मोडायचं हे मला येतं, पण ते बसलं कसं आहे हे तुलाच माहीत आहे, तेव्हा दोघी लागतील. माझ्याकडे मागची खोली रिकामी आहे. तिच्या आईलाही आण.

इथपर्यंतचं सगळं अध्यक्षांचं झालं.

तू मला शर्यत दिली नव्हतीस. पदक माझंच आहे. हे कळल्यावर हलकं वाटायला हवं, आणि वाटलंही. कार्यालयात जाऊन मी पहिल्यांदाच तो फोटो जवळ जाऊन नीट पाहिला. पण खरं सांगू? फोन ठेवला तेव्हा सगळ्यांत आधी मला वाईट वाटलं. का ते कळायला दोन दिवस लागले. तुझा राग राग करत होते तरी त्याच्या तळाशी मी एक गोष्ट जपून ठेवली होती, की कधीकाळी एक माणूस माझ्यासाठी जिंकता जिंकता थांबलं होतं. परवा कळलं की तसं कुणीच थांबलं नव्हतं.

तेव्हा आता तुला यावंच लागेल. मुलीसाठी ये असं वर लिहिलं आहे, ते खोटं नाही. पण मुलीला एखाद्या दुसऱ्या कुणाबरोबरही पाठवता येईल. तू माझ्यासाठी ये.

तुझी,
ताई